टोपीखालचा माणूस : सद्री आलिशिक

१९६४ या एकाच वर्षात सद्री आलिशिक तुर्की प्रेक्षकांसमोर तीन निरनिराळ्या रूपांत आले. ‘फिस्तिक गिबी माशाल्लाह’ या चित्रपटात बायकांचे कपडे घालून लपत फिरणाऱ्या दोन पुरुषांपैकी ते एक होते. बिली वाइल्डर यांच्या ‘सम लाइक इट हॉट’ची ती इस्तंबुली आवृत्ती, आणि नायिका होती तुर्कान शोराय. ‘आवारे’मध्ये ते चक्क राज कपूर यांच्या जागी उभे राहिले. आणि ‘तुरिस्त ओमेर’मध्ये त्यांनी चुरगळलेली टोपी डोक्यावर ठेवून, ढगळ कोटात, शहरभर बिनकामाने हिंडणारा तो फाटका माणूस रंगवला, ज्याच्या नावाने पुढे तुर्कस्तान त्यांना ओळखू लागला. पहिल्या चित्रपटात प्रहसन, दुसऱ्यात अश्रू आणि गाणी, तिसऱ्यात रस्त्यावरचा विनोद. तिन्ही चित्रपट घाईत, तुटपुंज्या पैशांत, बऱ्याच अंशी उसन्या सामग्रीवर उभे केलेले आहेत, आणि तरीही त्यांतला हा माणूस कुठेही उसना वाटत नाही.

अष्टपैलू नट म्हटले की आपल्याला आधी वेषांतर आठवते. चेहरा बदललेला, चाल बदललेली, आवाज ओळखू न येणारा, असा नट आपण मोठा मानतो. आलिशिक त्या जातीचे नव्हते. त्यांचा लांबट चेहरा, डोळ्यांतली कायमची थोडीशी मरगळ, खांदे सैल सोडून चालण्याची लकब आणि शब्द जिभेवर घोळवत बोलण्याची तऱ्हा ही जवळजवळ प्रत्येक चित्रपटात तीच असते. त्यांच्या भोवतालचा चित्रपट मात्र बदलत राहतो. कधी तो प्रेमकथा असतो, कधी गुन्हेकथा, कधी शोकांतिका, कधी निव्वळ धुडगूस. त्या प्रत्येक उजेडात हा एकच माणूस वेगळा दिसतो. त्यांचे जितके चित्रपट मी पाहिले, तितके हे मला अधिकाधिक पटत गेले, आणि अष्टपैलूपणाचा हा प्रकार वेषांतरापेक्षा अवघड आहे असे माझे मत झाले आहे, कारण त्यात नटाला लपायला जागाच उरत नाही.

आलिशिक यांचा जन्म ५ एप्रिल १९२५ चा, बॉस्फरसच्या आशियाई काठावरील पाशाबाहचे या वस्तीतला. तुर्की प्रजासत्ताक त्यांच्याहून जेमतेम दीड वर्षाने मोठे. त्यांच्या बालपणी, १९२८ मध्ये, देशाची लिपी बदलली. वडीलधारी माणसे ज्या अरबी अक्षरांत लिहा-वाचायला शिकली होती, ती अक्षरे या पिढीने शाळेत गिरवलीच नाहीत. टोपीसुद्धा कायद्याने बदलली होती. ज्या साली आलिशिक जन्मले, त्याच साली फेझ टोपीवर बंदी आली आणि पुरुषांच्या डोक्यावर युरोपीय हॅट चढली. एका घरात दोन काळ नांदत असलेली ही पिढी होती. आलिशिक यांनी पुढे रंगवलेल्या उत्तम भूमिकांत जुन्या जगाची अदब आणि नव्या जगाची फरफट एकाच देहात दिसते, तिचे मूळ मला इथे सापडते.

चित्रकला शिकण्यासाठी ते इस्तंबूलच्या ललित कला अकादमीत गेले, पण नाटकाने त्यांना ओढून नेले. हात मात्र शेवटपर्यंत चित्रे काढत राहिला आणि कविताही लिहीत राहिला. १९४० च्या दशकाच्या मध्यावर फारुक केंच यांच्या ‘गुनाहसिझलार’ या चित्रपटातून ते पडद्यावर आले. तोवरचा तुर्की चित्रपट म्हणजे बहुतांशी रंगभूमीचे लांबवलेले अंगण होते. मुहसिन एर्तुरुल या नाट्यदिग्दर्शकाने जवळजवळ दोन दशके एकहाती चित्रपट काढले, आणि त्यांत इस्तंबूलच्या नगर नाट्यगृहातली मंडळीच कामे करीत. साहजिकच अभिनयही शेवटच्या रांगेपर्यंत पोचवायचा असतो तसा असे. फारुक केंच यांच्या पिढीने ही मक्तेदारी मोडली. १९४८ मध्ये देशी चित्रपटांवरील करमणूक कर परदेशी चित्रपटांच्या तुलनेत खूप कमी करण्यात आला, आणि चित्रपट काढणे हा एकाएकी फायद्याचा धंदा ठरला. इस्तंबूलच्या बेयोलू भागात, इस्तिकलाल रस्त्याला लागून असलेल्या येशिलचाम नावाच्या एका छोट्या गल्लीत निर्मात्यांची कार्यालये थाटली गेली, आणि त्या गल्लीचे नाव सगळ्या उद्योगाला चिकटले.

येशिलचामची कार्यपद्धती समजून घेतल्याशिवाय आलिशिक यांच्या कामाचे मोल कळत नाही, म्हणून त्याबद्दल थोडे सविस्तर लिहितो. निर्मात्याजवळ स्वतःचे भांडवल बहुधा नसेच. अदाना, इझमीर, सामसुन अशा शहरांत बसलेले विभागीय वितरक आगाऊ रकमेच्या हुंड्या देत, आणि त्या हुंड्या वटवून चित्रपट उभा राही. साहजिकच कोणता चेहरा हवा, किती मारामारी हवी, किती रडू हवे, हे वितरक सांगे, आणि वितरकाला ते त्याच्या भागातला चित्रपटगृहाचा मालक सांगे. कच्ची फिल्म परदेशातून यायची, परकीय चलनाची टंचाई पाचवीला पुजलेली, त्यामुळे एकेक फूट जपून वापरला जाई. तालमींना वेळ नसे. दृश्य एकदाच घ्यायचे, फार तर दोनदा. समोरासमोर बोलणारी दोन माणसे उलटसुलट कोनांतून टिपायची तर दिवे पुन्हा मांडावे लागतात. म्हणून दोघेही प्रेक्षकांकडे तोंड करून, एकमेकांकडे जेमतेम मान वळवून बोलताना दिसतात. आज ते पाहून कुणाला हसू येईल, पण त्यामागे वाचवलेले तास आणि वाचवलेली फिल्म आहे.

चित्रीकरणाच्या वेळी आवाज मुद्रित होत नसे. कॅमेऱ्याच्या बाजूला बसलेला प्रॉम्प्टर संवाद मोठ्याने वाची, आणि नट ते ऐकून लगेच म्हणे. नंतर बंद खोलीत दुसरेच कलावंत, बहुधा नाटकांतले, पडद्यावरच्या ओठांवर आवाज बसवीत. अनेक मोठ्या ताऱ्यांना प्रेक्षकांनी वर्षानुवर्षे परक्या आवाजातच ऐकले. अशा व्यवस्थेत नटाजवळ स्वतःचे असे काय उरते? भूमिकेत शिरायला अवधी नाही, संवाद पाठ नाहीत, समोरच्या नटाकडे धड पाहताही येत नाही. उरतो तो देह, आणि दोन संवादांमधला क्षण. आलिशिक यांचे सारे सामर्थ्य या उरलेल्या जागेत आहे. संवाद कानावर पडून तोंडातून बाहेर पडेपर्यंतच्या अर्ध्या सेकंदात त्यांच्या चेहऱ्यावर जे घडते, ते पाहण्यासाठी मी त्यांचे पडेल चित्रपटसुद्धा पुन्हा पाहतो. दुसरे नट त्या अर्ध्या सेकंदात प्रॉम्प्टरची वाट पाहत असल्यासारखे दिसतात. आलिशिक मात्र बोलावे की बोलू नये, याचा विचार करीत असल्यासारखे दिसतात, आणि त्या विचारामुळे पुढचे साधे वाक्यही त्यांनी आत्ताच शोधून काढल्यासारखे वाटते.

१९५० च्या दशकात त्यांच्या वाट्याला बहुतेक दुय्यम भूमिका आल्या. ते दशक नायकांपैकी आयहान इशिक यांचे होते. तेही अकादमीत चित्रकला शिकलेले, देखणे, आणि लोकांनी ‘राजा’ म्हणून डोक्यावर घेतलेले. ल्युत्फी आकाद यांनी १९५२ च्या ‘कानुन नामिना’मध्ये कॅमेरा रस्त्यावर आणला आणि इशिक एका रात्रीत तारा झाले. आलिशिक यांचा चेहरा नायकाचा नव्हता, खलनायकाचाही पुरता नव्हता, आणि येशिलचामच्या बाजारात ही अडचणच होती. तिथे प्रत्येकाची जागा ठरलेली असे: एरोल ताश दिसले की प्रेक्षक दुष्टाला ओळखून चुकत, हुलुसी केंतमेन दिसले की वरून कडक आणि आतून मायाळू असा श्रीमंत बाप आला हे कळे. वितरकाला असा पक्का शिक्का हवा असे. आलिशिक यांच्यावर शिक्का बसेना, म्हणून त्यांना सगळीकडे हिंडावे लागले.

त्या हिंडण्यातूनच १९५९ चा ‘याल्निझलार रिहतिमी’, म्हणजे ‘एकाकी माणसांचा धक्का’, हा चित्रपट आला. दिग्दर्शक आकाद, पटकथा टोपणनावाने लिहिलेली कवी अत्तिला इल्हान यांची, नायिका कवीची बहीण चोल्पान इल्हान. बंदर, धुके, मद्यालय, गाणारी स्त्री आणि तिच्यात गुंतलेला खलाशी अशी ती कथा, युद्धापूर्वीच्या फ्रेंच चित्रपटांची छाया अंगावर घेतलेली. ती छाया काही ठिकाणी फार गडद आहे. माणसे इस्तंबूलमध्ये राहतात की मार्सेयमध्ये असा प्रश्न पडतो. पण आलिशिक यांच्यातला गंभीर नट तिथे स्पष्ट दिसतो. विनोदाची एकही लकेर न वापरता ते केवळ उभे राहतात, आणि त्यांच्या उभे राहण्यात थकवा आहे. त्याच वर्षी त्यांचे आणि चोल्पान इल्हान यांचे लग्न झाले.

त्यानंतर लगेच, १९६१ मध्ये, ‘कुचुक हानिमेफेंदी’ ही ‘छोट्या बाईसाहेबां’ची मालिका सुरू झाली. बेल्गिन दोरुक नायिका, आयहान इशिक नायक, आणि नायकाच्या बाजूला आलिशिक. नायकाचा मित्र ही भूमिका आपल्याकडच्या प्रेक्षकांनाही अगदी परिचयाची आहे: नायकाला रुसायला, फुगायला, गाणे म्हणायला मोकळीक मिळावी म्हणून कथेचे सगळे ओझे वाहणारा गडी. बंदरावरचा तो थकलेला माणूस दोन वर्षांत या गोड चित्रपटांत धावपळ करताना दिसतो तेव्हा क्षणभर चुकल्यासारखे होते. पण नीट पाहिले तर खांद्यांचा तो सैलपणा इथेही आहे. तिथे तो पराभवाचा होता, इथे निर्धास्तपणाचा आहे, एवढाच फरक.

१९६३ मध्ये दिग्दर्शक हुल्की सानेर यांच्या ‘हेलाल ओल्सुन अली आबी’ या चित्रपटात, जिथे नायक पुन्हा आयहान इशिकच होते, आलिशिक यांच्या वाट्याला ओमेर नावाची दुय्यम भूमिका आली. लोकांना नायकापेक्षा तो ओमेरच आवडला. पुढच्याच वर्षी सानेर यांनी त्याला स्वतंत्र चित्रपट दिला, आणि मग ओमेर थांबेना. १९६५ मध्ये तो ठकसेनांचा राजा झाला, १९६६ मध्ये जर्मनीला गेला, १९६९ मध्ये अरबस्तानात, १९७० मध्ये नरभक्षकांत, १९७१ मध्ये स्पेनच्या बैलझुंजीत, आणि १९७३ मध्ये थेट अंतराळात.

हा ओमेर पाहण्यासारखा आहे तो त्याच्या हालचालींत. तो कुणाला भेटला की एक खास सलाम ठोकतो; हात नुसता कपाळाशी जात नाही, वाटेत गिरकी घेतो, आणि शेवटी टोपीजवळ पोचेपर्यंत त्या सलामातला आदर आणि खट्याळपणा वेगळे करता येत नाहीत. पोलीस असो, शेठ असो, भिकारी असो, सलाम तोच. त्याच्याजवळ पैसा नाही, घर नाही, काम नाही आणि काम शोधण्याची घाईही नाही. ‘तुरिस्त’, म्हणजे पर्यटक, हे बिरुद त्याला मिळाले आहे ते स्वतःच्या गावात परक्यासारखा, सगळीकडे कुतूहलाने पाहत हिंडतो म्हणून. त्या काळातले इस्तंबूल आठवले की या भूमिकेची नस सापडते. अनातोलियातल्या खेड्यांतून माणसांचे लोंढे शहरात येत होते, डोंगरउतारांवर रातोरात झोपड्या उठत होत्या, आणि १९६१ च्या करारानंतर हजारो तुर्क मजूर पश्चिम जर्मनीच्या गाड्यांत चढत होते. पडद्यासमोर बसलेल्या माणसांपैकी कितीतरी जण नुकतेच शहरात आलेले, सगळ्या गोष्टींना बिचकणारे. ओमेर त्यांच्यासारखाच बिनपैशाचा होता, फक्त तो बिचकत नव्हता. ‘तुरिस्त ओमेर जर्मनीत’ हे नाव १९६६ मध्ये भिंतीवर वाचणाऱ्याच्या घरातले कुणीतरी त्या देशातल्या कारखान्यात असण्याचा संभव होता.

मालिकेतले सगळेच भाग चांगले आहेत असे मी म्हणणार नाही. नरभक्षकांचा चित्रपट आज बघवत नाही. काळ्या माणसांची त्यातली थट्टा त्या काळाच्या नावावर टाकूनही गळी उतरत नाही. अरबस्तानातली सफरही रेंगाळते. वितरकांना ओमेर हवा होता, सानेर यांना तो पुरवावा लागत होता, आणि कथानके दरवेळी पातळ होत गेली. त्या पातळ कथानकांत आलिशिक मात्र काम टाळत नाहीत, ही गोष्ट मला फार मोठी वाटते.

‘आवारे’बद्दल मात्र मराठी वाचकापुढे स्वतंत्रपणे लिहायला हवे, कारण हा धागा मुंबईपर्यंत येतो. राज कपूर यांचा ‘आवारा’ १९५१ चा, चेंबूरच्या आर. के. स्टुडिओचा पाया ज्या चित्रपटांनी घातला त्यांपैकी तो एक. १९५५ मध्ये तो तुर्कस्तानात लागला आणि तिथल्या लोकांनी त्याला असे काही आपलेसे केले की त्याचे गाणे तुर्की ओठांवर रुळले, आणि पुढची काही वर्षे हिंदी चित्रपट हा तिथल्या चित्रपटगृहांचा आवडता खुराक झाला. येशिलचामने त्यातून जे उचलायचे ते उचलले: दुरावलेला बाप, अन्यायाने वाया गेलेला मुलगा, न्यायालयातला उमाळा. १९६४ मध्ये सेमिह एविन यांनी सरळ ‘आवारे’ काढला, आलिशिक आणि आझ्दा पेक्कान यांना घेऊन. राज कपूर यांनी आपला भटक्या चॅप्लिनकडून घेतला होता हे जगजाहीर आहे. लंडनच्या गरिबीत वाढून हॉलिवुडात पोचलेल्या चॅप्लिनचा भटक्या मुंबईला आला, मुंबईहून इस्तंबूलला गेला, आणि तिथे त्याला आलिशिक भेटले, ज्यांच्या अंगात त्याच वर्षी ओमेरही वस्तीला आला होता.

या तिघांतला फरक मला महत्त्वाचा वाटतो. चॅप्लिनचा भटक्या चपळ आहे. तो शरीराने जगावर मात करतो. राज कपूर यांचा आवारा जगाकडे न्याय मागतो, आणि आपल्यात जे बिघडले ते रक्ताने बिघडले की परिस्थितीने, हा प्रश्न भर न्यायालयात विचारला जातो. आलिशिक यांच्या भटक्याला मात करायची नाही आणि फिर्यादही करायची नाही. आपण हरलो आहोत हे त्याला ठाऊक आहे, आणि त्यात अपमान वाटून घ्यायचे त्याने नाकारले आहे. पुढे १९७० च्या ‘ऑफसाइड ओस्मान’मध्ये हा माणूसही एकदा न्यायाधीशापुढे उभा राहतो, आणि आयुष्यभर आपले गोल मोजलेच गेले नाहीत, अशा भावनेने हासुद्धा गोल नाही का, असे विचारतो. फुटबॉलच्या भाषेत मांडलेले ते गाऱ्हाणे तुर्की माणसांना आजही तोंडपाठ असते. आरंभी ते हसवते. पण प्रश्न पुन्हा पुन्हा येतो, आवाज चिरकत जातो, आणि आपले हसू नेमके कुठे थांबले हे कळत नाही. असा सांधा न दिसू देता सूर बदलणे मी फार थोड्या नटांत पाहिले आहे.

त्यांची सर्वांत मोठी भूमिका मात्र १९६६ च्या ‘आह गुझेल इस्तंबूल’मधली. दिग्दर्शक आतिफ यिलमाझ, लेखक साफा ओनाल. कृष्णधवल चित्रपट, आणि नायक हाश्मेत इब्रिक्तारओलू, सुलतानाच्या चाकरीत असलेल्या घराण्याचा वंशज. पूर्वजांची दौलत आधीच्या पिढ्यांनी आणि काळाने संपवली आहे. तो खोपटात राहतो आणि रस्त्यावर फोटो काढून पोट भरतो. चित्रपटाच्या आरंभी त्याचाच आवाज आपल्याला त्याची ओळख करून देतो, स्वतःच्या घसरणीचा पाढा एखाद्या वंशावळीच्या रुबाबात वाचतो.

त्याचा तो कॅमेरा जरा जवळून पाहावा. तिकाटण्यावर लाकडी पेटी, मागे काळे कापड. या पेटीतच फोटो धुण्याची सोय असते. छायाचित्रकार बाहीतून हात आत घालतो, न बघता, केवळ बोटांच्या अंदाजाने कागद द्रावणात बुडवतो, काढतो, आणि मग उलट्या प्रतिमेचा पुन्हा फोटो घेऊन सुलटी करतो. गिऱ्हाईक समोर बसलेले, आणि याचा एक हात पेटीत, दुसरा मोकळा, तोंड बोलण्यात गुंतलेले. आलिशिक यांनी हा धंदा असा केला आहे की हा माणूस वर्षानुवर्षे हेच करीत आला आहे याबद्दल शंका राहू नये. आणि तरीही त्यांच्या कोपराच्या वळणात, मान किंचित वर ठेवण्यात, एखाद्या सरदाराने मेहमानाला सरबत द्यावे तशी अदब आहे. घराणे गेले, वाडा गेला, ती मानेची ठेवण तेवढी राहिली. ओमेरच्या सलामात जी गंमत होती, तिचे हे दुसरे टोक आहे.

या हाश्मेतकडे आयशे नावाची मुलगी फोटो काढायला येते. तिला चित्रपटतारका व्हायचे आहे, म्हणून ती घर सोडून इस्तंबूलला आली आहे. आयला आल्गान या रंगभूमीवरून आलेल्या अभिनेत्रीने ती भूमिका अल्लडपणा आणि हट्ट यांच्या मिश्रणातून उभी केली आहे. शहर तिला गिळणार हे हाश्मेतला दिसते, आणि तो तिला वाचवू पाहतो. पुढे ती गायिका होते, झगमगाट येतो, आणि पश्चिमेची उसनी नक्कल विरुद्ध आपल्या मातीचे जुने वैभव हा वाद कथेच्या मध्यावर येऊन बसतो. त्या काळात कादंबरीकार केमाल ताहिर यांच्या विचारांभोवती तुर्की कलावंतांत हाच वाद रंगला होता, आणि यिलमाझही त्या वर्तुळातले. हाश्मेतचा उपदेश कधीकधी जाचतो हे कबूल करायला हवे. मुलीच्या स्वप्नाला एवढे तुच्छ लेखण्याचा अधिकार त्याला कुणी दिला, असे मला दोन-तीन प्रसंगी वाटले. पण आलिशिक त्या उपदेशाखाली सतत एक गोष्ट दाखवत राहतात: हा माणूस तिला जे सांगतो आहे, त्यावर त्याचा स्वतःचाही पुरता विश्वास नाही. जुने जग किती पोकळ होते हे त्याच्याइतके कुणालाच ठाऊक नाही, कारण तो त्याच्या शेवटच्या तुकड्यावर उभा आहे. संहितेत हाश्मेतची बाजू ठाम आहे. नटाने तिच्यात शंका मिसळली, आणि चित्रपट त्यामुळे प्रचारापासून वाचला. इटलीतील बोर्दिगेरा येथील विनोदी चित्रपटांच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला. त्याला विनोदी म्हणावे की नाही, हे मात्र मला अजून ठरवता आलेले नाही.

तुर्कस्तानाबाहेर आलिशिक यांची जी काही ओळख आहे ती मुख्यतः १९७३ च्या ‘तुरिस्त ओमेर अंतराळाच्या वाटेवर’ या चित्रपटामुळे. ‘स्टार ट्रेक’ या अमेरिकी मालिकेचा पहिला अधिकृत चित्रपट १९७९ चा. त्याच्या सहा वर्षे आधी, कोणाचीही परवानगी न घेता, हुल्की सानेर यांनी तिच्या एका भागाची कथा उचलून यानाचा कप्तान कर्क आणि त्याचा सहकारी स्पॉक यांच्यासह पडद्यावर आणली. बळजबरीच्या लग्नातून ओमेर नेमक्या घटकेला परग्रहावर ओढला जातो, आणि पुढे स्पॉकच्या तर्कशुद्ध डोक्याला थट्टेने भंडावून सोडतो. परग्रह म्हणून एफेससचे प्राचीन भग्नावशेष वापरले आहेत. जगभर लोक हा चित्रपट स्वस्त नक्कल म्हणून हसण्यासाठी पाहतात, आणि त्यातल्या यंत्रमानवांकडे पाहून हसू येणे स्वाभाविक आहे. मला त्यात दिसते ते वेगळे. पुठ्ठ्याच्या त्या यानात सगळे नट अंतराळात असल्याचा अभिनय करीत आहेत, आणि एकटे आलिशिक इस्तंबूलच्या कोपऱ्यावर उभे असल्यासारखे वागत आहेत. त्यांना विश्वाचे आश्चर्य वाटत नाही. तोही एक नवा मोहल्ला आहे, आणि तिथेही कुणीतरी गप्पा मारायला भेटेल, एवढीच त्यांची अपेक्षा. दहा वर्षांपूर्वी जन्मलेल्या पात्राशी इतके इमान राखून सातव्या चित्रपटात उभे राहणे सोपे नसते.

येशिलचाममध्ये १९६६ ला दोनशेहून अधिक चित्रपट निघाले होते. १९७२ पर्यंत तो आकडा तीनशेच्या आसपास गेला. मग दूरदर्शन घराघरांत पोचले, रस्त्यांवर राजकीय हिंसा वाढली, कुटुंबे संध्याकाळी बाहेर पडेनाशी झाली, आणि रिकाम्या चित्रपटगृहांत उत्तान चित्रपटांची लाट आली. दोनशेच्या घरात भूमिका केलेल्या आलिशिक यांच्यासाठी त्या पडद्यावर फारसे काही उरले नाही. १९८३ मध्ये मेव्हणे अत्तिला इल्हान यांनी लिहिलेल्या ‘कार्ताल्लार युक्सेक उचार’ या दूरचित्रवाणी मालिकेतून ते नव्या पिढीच्या घरात गेले. टोपी नव्हती, सलाम नव्हता. वय झालेला, जरब असलेला एक माणूस होता. ज्यांनी त्यांना केवळ ओमेर म्हणून पाहिले होते, त्यांना तो धक्का असणार.

१९९४ मध्ये यावुझ ओझकान यांच्या ‘येंगेच सेपेती’, म्हणजे ‘खेकड्यांची टोपली’, या चित्रपटासाठी आलिशिक यांना अंताल्या महोत्सवात उत्कृष्ट अभिनेत्याचे पारितोषिक मिळाले. आई-वडिलांच्या घरी जमलेली मोठी झालेली मुले, आणि वर्षानुवर्षे दाबून ठेवलेले वाद उसळून येणे, असा त्याचा विषय. आता आवाज चित्रीकरणापासून वेगळा ठेवण्याची सक्ती नव्हती, एकाच प्रयत्नात दृश्य उरकण्याची घाई नव्हती, आणि समोरच्या नटाकडे सरळ पाहताही येत होते. येशिलचामने जे त्यांना दिले नव्हते ते सगळे शेवटी हाताशी आले, आणि त्यांनी त्याचा उपयोग फार कमी करण्यासाठी केला. १८ मार्च १९९५ रोजी ते गेले. चोल्पान इल्हान यांनी त्यांच्या नावाने सांस्कृतिक केंद्र उभे केले, मुलगा केरेम अभिनयातच आहे, आणि त्यांच्या नावाचे पुरस्कार नाटक-चित्रपटांतल्या कलावंतांना दिले जातात. या पुरस्कारांत गंभीर भूमिका आणि विनोदी भूमिका यांचे विभाग वेगळे ठेवलेले आहेत. हाश्मेत इब्रिक्तारओलूला त्यांतल्या कोणत्या विभागात बसवायचे, यावर परीक्षकांत नक्कीच भांडण झाले असते.